पूर आणि नोंदवही : व्हिडिओ गेमच्या वाढत्या संख्येचा इतिहास

या टिपणाविषयी

हे टिपण संगणक, माहिती तंत्रज्ञान आणि ॲनिमेशन या शाखांतील पदवीच्या विद्यार्थ्यांसाठी आहे. इतिहासाच्या विद्यार्थ्यांनाही ते वाचता येईल. प्रोग्रामिंगची पूर्वतयारी लागत नाही.

आज स्टीम या एकाच दुकानावर वर्षाला १८ हजारांहून अधिक नवे गेम येतात. हा आकडा २०२४ चा आहे. म्हणजे दिवसाला सरासरी ५० गेम झाले. मोबाइलवरचे आणि कन्सोलवरचे गेम यात धरलेले नाहीत. एवढे गेम येतात कुठून, पूर्वी का येत नव्हते, आणि आल्यावर त्यांचे होते काय, असे तीन प्रश्न या टिपणात घेतले आहेत. तिसरा प्रश्न सहसा कोणी विचारत नाही. त्यामुळे शेवटी त्यावर थोडे जास्त थांबू.

१. सुरुवात एका जुन्या पुरापासून

मी लखनौच्या एका अभियांत्रिकी महाविद्यालयात शिकवतो. हजरतगंजमध्ये नवल किशोर रोड नावाचा रस्ता आहे. माझे बहुतेक विद्यार्थी त्या रस्त्यावरून खरेदीला जातात, पण नवल किशोर कोण असे विचारले की वर्ग गप्प होतो. मुंशी नवल किशोर यांनी १८५८ मध्ये, म्हणजे उठावाच्या धामधुमीनंतर लगेच, लखनौत छापखाना काढला. उर्दू, फारसी, हिंदी, संस्कृत आणि अरबी मिळून या छापखान्याने पाच हजारांच्या आसपास पुस्तके काढली, असा अंदाज दिला जातो. ‘अवध अखबार’ हे वर्तमानपत्र इथूनच निघे, आणि ‘तिलिस्म-ए-होशरुबा’सारख्या अफाट दास्तानांचे खंडही इथेच छापले गेले.

हे शक्य झाले ते शिळाछापामुळे. नस्तालिक लिपी धातूच्या खिळ्यांत बसवणे अवघड आणि महाग होते. शिळाछापात कातिब विशेष शाईने मजकूर लिहितो, तो दगडावर उतरवला जातो आणि त्यावरून प्रती निघतात. खिळे पाडण्याचा खर्च वाचतो. आपल्याकडे मुंबईत गणपत कृष्णाजींनी १८३१ मध्ये याच पद्धतीने पंचांग छापले होते. हस्तलिखित ज्याला परवडत नव्हते, त्याच्या हातात छापील पुस्तक आले.

गेमच्या टिपणात हे कशासाठी, असे तुम्हाला वाटेल. कारण साधे आहे. एखादी गोष्ट घडवण्याचा खर्च एकदम उतरला आणि ती लोकांपर्यंत पोहोचवण्याची वाट मोकळी झाली, की पूर येतो. पुस्तकांचा आला, कॅसेटांचा आला, गेमचाही आला. दोन पुरांमध्ये मात्र एक मोठा फरक आहे. तो आठव्या विभागात पाहू.

२. पहिला पूर आणि पहिली पडझड

अटारी २६०० हे कन्सोल १९७७ मध्ये अमेरिकेत आले. सुरुवातीला त्याचे गेम अटारी स्वतःच बनवत असे. गेम लिहिणाऱ्याचे नाव डब्यावर नसे आणि खप कितीही झाला तरी त्याला वेगळा मोबदला नसे. वैतागलेल्या काही प्रोग्रामरनी १९७९ मध्ये ॲक्टिव्हिजन ही कंपनी काढली आणि अटारीच्या यंत्रासाठी स्वतंत्रपणे कार्ट्रिज विकू लागले. अटारीने दावा लावला. १९८२ मध्ये तडजोड झाली आणि बाहेरच्या कंपनीला स्वामित्वशुल्क देऊन गेम विकता येतील हे पक्के झाले.

मग झुंबड उडाली. ओट्स विकणाऱ्या क्वेकर ओट्स कंपनीनेही गेमचा विभाग थाटला. त्या यंत्रात बाहेरचे कार्ट्रिज ओळखण्याची किंवा अडवण्याची कुठलीच सोय नव्हती. ज्याला कार्ट्रिज बनवता आले, त्याचा गेम चालला.

अटारीचा ‘ई.टी.’ हा गेम १९८२ च्या नाताळासाठी हॉवर्ड स्कॉट वॉरशॉ यांना सुमारे पाच आठवड्यांत लिहावा लागला. कंपनीने त्याची लाखो कार्ट्रिज काढली आणि त्यांतील बहुतेक विकली गेली नाहीत. १९८३ च्या सप्टेंबरमध्ये न्यू मेक्सिकोतील अलामोगोर्डो इथल्या कचराडेपोत अटारीने माल पुरला. अमेरिकेतील कन्सोलचा बाजार १९८३ मध्ये सुमारे ३.२ अब्ज डॉलरचा होता. १९८५ पर्यंत तो १० कोटी डॉलरच्या घरात आला.

इथे इतिहासाच्या पद्धतीविषयी एक गोष्ट लक्षात घ्या. ‘ई.टी.मुळे उद्योग बुडाला’ हे वाक्य तुम्हाला अनेक ठिकाणी वाचायला मिळेल. २६ एप्रिल २०१४ रोजी तो कचराडेपो खणला, तेव्हा ई.टी.बरोबर इतर अनेक गेमची कार्ट्रिज निघाली, चांगल्या खपाच्या गेमचीही. म्हणजे प्रश्न एका वाईट गेमचा नव्हता. दुकानाच्या फळीवर जागा ठरावीक होती आणि माल तिच्या कितीतरी पट आला होता. न विकलेला माल दुकानदार परत पाठवू लागले. छोट्या कंपन्यांकडे परतफेडीला पैसे नव्हते, म्हणून त्यांचा माल पडेल भावात विकला गेला. पडेल भावाच्या ढिगापुढे नवा गेम पूर्ण किमतीला कोण घेणार? साखळी अशी तुटत गेली.

३. कुलूप आणि किल्ली

जपानच्या निंटेंडो कंपनीने यातून धडा घेतला. १९८५ मध्ये अमेरिकेत आणलेल्या तिच्या एनईएस यंत्रात आणि प्रत्येक अधिकृत कार्ट्रिजमध्ये १०एनईएस नावाची एक चिप होती. यंत्रातली चिप कुलूप आणि कार्ट्रिजमधली किल्ली. दोघींचे जुळले नाही तर यंत्र पुन्हा पुन्हा सुरूच होत राही. शिवाय परवाना घेतलेल्या कंपनीला वर्षाला पाचच गेम काढता येत. कोनामीला याहून जास्त काढायचे होते, म्हणून तिने अमेरिकेत ‘अल्ट्रा गेम्स’ या वेगळ्या नावाने दुसरी कंपनी उभी केली. नियम आला की पळवाटही येते.

गेमची संख्या बाजार ठरवतो असे आपण समजतो. पण त्या काळात ती दाराशी बसलेला रखवालदार ठरवत होता. निंटेंडोच्या फाटकामुळे ग्राहकाचा विश्वास परत आला हे खरे. आणि ज्याच्याकडे परवान्याचे पैसे नव्हते, तो बाहेरच राहिला हेही तितकेच खरे.

४. आपल्याकडचे ‘९९९९ इन १’

आपल्या देशात हे फाटक पोहोचलेच नाही. नव्वदच्या दशकात माझ्यासारख्या मध्यमवर्गीय घरातल्या मुलाला मिळाले ते निंटेंडोच्या यंत्राची नक्कल असलेले टीव्ही गेम. ‘मीडिया’ कंपनीचे ‘लिटल मास्टर’ अनेकांना आठवत असेल. निंटेंडोच्या जपानी यंत्रात ती कुलपाची चिप नव्हतीच, आणि नकला त्याच घराण्यातल्या. त्यामुळे त्यांत कुठलेही कार्ट्रिज चाले.

त्या कार्ट्रिजवर छापलेले असे, ‘९९९९ इन १’. सुट्टीत आम्ही भावंडांनी यादी खाली सरकवत नेली, तेव्हा कळले की वेगळे गेम पंधरा-वीसच आहेत. तेच रंग बदलून, वेग बदलून, मधल्याच पातळीपासून सुरू करून पुन्हा पुन्हा दिलेले. आकडा मोठा आणि आत भर थोडीच. हे उदाहरण लक्षात ठेवा, आजच्या आकड्यांकडे पाहताना उपयोगी पडेल.

५. कीपॅडच्या फोनचे दिवस

भारतात गेम ‘बनवणे’ हा व्यवसाय उभा राहिला तो १९९७ च्या पुढे. त्या वर्षी बंगळुरूत राजेश राव यांनी ‘ध्रुव इंटरॲक्टिव्ह’ सुरू केली. १९९९ मध्ये मुंबईत विशाल गोंदल यांनी ‘इंडियागेम्स’ काढली. ती पुढे यूटीव्हीकडे आणि नंतर डिस्नेकडे गेली. २००० नंतरच्या दशकात या उद्योगाचा मोठा भाग होता कीपॅडच्या फोनवरचे जावा गेम.

पदव्युत्तर शिक्षणाआधी मी दोन वर्षे एका छोट्या कंपनीत हेच काम केले. त्या कामाला ‘पोर्टिंग’ म्हणत. एक गेम तयार झाला की तो प्रत्येक फोनसाठी वेगळा बसवावा लागे. एका फोनचा पडदा १२८ बाय १२८ बिंदूंचा, दुसऱ्याचा १७६ बाय २०८, तिसऱ्याचा २४० बाय ३२०. काही साध्या नोकिया फोनवर अख्खा गेम ६४ किलोबाइटमध्ये मावला पाहिजे. मग पार्श्वभूमीचे चित्र काढून टाकायचे, आवाज कापायचे, शत्रूंच्या हालचालीच्या चौकटी कमी करायच्या. एका गेमच्या शंभराहून जास्त आवृत्त्या निघत. हा एक गेम की शंभर? तेव्हा हा प्रश्न आम्हाला पडला नाही, कारण बिल आवृत्तीप्रमाणे होत असे.

या काळातही फाटक होतेच. फक्त ते मोबाइल सेवा देणाऱ्या कंपनीच्या हातात होते. तिच्या पोर्टलच्या पहिल्या पानावर गेम दिसला तर विकला जाई. किमतीतला मोठा वाटाही तीच ठेवून घेई.

६. दारे उघडली

यानंतरच्या पंधरा वर्षांत दोन्ही बाजूंनी बांध फुटला.

वितरणाची बाजू आधी पाहू. व्हॉल्व्ह कंपनीचे स्टीम सप्टेंबर २००३ मध्ये सुरू झाले आणि २००५ पासून तिथे बाहेरचे गेम येऊ लागले. ॲपलचे ॲप स्टोअर जुलै २००८ मध्ये सुमारे ५०० ॲपसह उघडले. त्याच वर्षी ॲन्ड्रॉइडचेही दुकान आले. तिथे एकदाच २५ डॉलर भरून कोणालाही आपले ॲप टाकता येते. स्टीमवर सुरुवातीला कंपनीची माणसे गेम निवडत. ऑगस्ट २०१२ मध्ये ‘ग्रीनलाइट’ आले आणि ग्राहकांची मते पाहून निवड होऊ लागली. जून २०१७ मध्ये तेही बंद झाले. त्याजागी ‘स्टीम डायरेक्ट’ आले. प्रत्येक गेममागे १०० डॉलर भरा, कागदपत्रे द्या आणि गेम लावा. इच डॉट आयओ या २०१३ च्या संकेतस्थळावर तर तेवढेही लागत नाहीत.

आता निर्मितीची बाजू. पूर्वी प्रत्येक कंपनीला गेमचे इंजिन, म्हणजे चित्र, आवाज, धडक, गुरुत्व हे सांभाळणारा पायाभूत कोड, स्वतः लिहावा किंवा विकत घ्यावा लागे. युनिटी २००५ मध्ये आले आणि काही वर्षांत त्याची मोफत आवृत्ती मिळू लागली. गोडो २०१४ मध्ये मुक्तस्रोत झाले. अनरिअल २०१५ पासून वापरायला मोफत झाले, वाटा द्यायचा तो कमाई झाल्यावर. ही इंजिने एकाच प्रकल्पातून विंडोज, ॲन्ड्रॉइड, आयफोन आणि कन्सोलसाठी आवृत्त्या काढून देतात. आम्ही ज्या कामावर महिने घालवले, त्यातले बरेचसे आता निर्यातीच्या एका यादीतून होते. कन्सोलसाठी अजूनही त्या त्या कंपनीची परवानगी आणि चाचणी लागते, एवढे फाटक शिल्लक आहे.

परिणाम आकड्यांत दिसतो. स्टीमवर २०१३ मध्ये काही शेकडो गेम आले. २०१४ मध्ये ही संख्या दीड हजाराच्या पुढे गेली आणि दहा वर्षांत १८ हजारांवर. यात आता कृत्रिम बुद्धिमत्तेने बनवलेल्या चित्रांचा आणि मजकुराचा भाग वाढतो आहे. असा वापर केला असेल तर तो सांगणे जानेवारी २०२४ पासून स्टीमने बंधनकारक केले आहे.

७. पुणे आणि नवी मुंबई

महाराष्ट्रातली दोन उदाहरणे शेजारी ठेवून पाहा.

पुण्यातल्या ‘नॉडिंग हेड्स गेम्स’ या छोट्या कंपनीने ‘राजी : ॲन एन्शंट एपिक’ हा गेम अनरिअल इंजिनवर बनवला. राजी नावाची मुलगी धाकट्या भावाला, गोलूला, असुरांच्या हातून सोडवायला निघते अशी त्याची कथा. २०१७ मध्ये त्यांनी इंटरनेटवर लोकवर्गणी मागितली. ठरवलेली रक्कम जमली नाही. तरी काम चालू राहिले. १८ ऑगस्ट २०२० रोजी राजी निंटेंडो स्विचवर आला. ऑक्टोबरमध्ये तो पीसी, प्लेस्टेशन ४ आणि एक्सबॉक्स वनवर आला. त्या वर्षीच्या द गेम अवॉर्ड्समध्ये पदार्पणाच्या स्वतंत्र गेमसाठी त्याला नामांकन मिळाले. ज्या निंटेंडोने १९८५ मध्ये कुलूप लावले होते, तिच्याच यंत्रावर पुण्याचा गेम सर्वांत आधी आला हे ध्यानात घ्या.

नवी मुंबईत विकास जयस्वाल यांच्या ‘गेमेशन’ने २०१६ मध्ये ‘लुडो किंग’ आणला. त्यात नवी कथा नाही आणि चित्रेही साधी. पण घरात सर्वांना माहीत असलेला पट, साध्या फोनवर चालणारा, आणि दूरच्या नातेवाइकाबरोबर खेळता येणारा. २०२० च्या टाळेबंदीत तो घरोघरी पोहोचला. दहा कोटी डाउनलोडचा टप्पा ओलांडणारा पहिला भारतीय गेम म्हणून त्याची नोंद घेतली जाते.

दोघेही त्याच पुरात उतरले होते. राजीला स्विचवर सुरुवातीला मिळालेल्या जागेचा आणि नामांकनाचा आधार मिळाला. लुडो किंगला लोकांच्या जुन्या ओळखीचा मिळाला. नुसता ‘चांगला गेम’ एवढ्या बळावर दोघांपैकी कोणीही वर आले नाही. फाटक उठले, पण त्याची जागा दुकानाच्या शोधयादीने घेतली. आधी ‘बनवता येईल का’ हा प्रश्न होता. आता ‘दिसेल का’ हा आहे. १९८३ मध्ये फळी भरली आणि बाजार कोसळला. आज फळीला अंतच नाही, म्हणून बाजार कोसळत नाही. एकेक गेम मात्र आवाज न करता बुडतो.

८. नोंदवही

आता सुरुवातीला सांगितलेला फरक.

१८६७ साली छापखाने आणि पुस्तक नोंदणीचा कायदा झाला. त्यामागे सरकारची मुख्य इच्छा लक्ष ठेवण्याची होती, यात शंका नाही. पण त्या कायद्याने छापणाऱ्याला प्रत्येक पुस्तकाच्या प्रती सरकारकडे देणे भाग पडले. प्रांताप्रांतांतून दर तिमाहीला याद्या निघू लागल्या. पुस्तकाचे नाव, भाषा, लेखक, छापखाना, पाने, किती प्रती काढल्या, किंमत काय, सगळे त्यात. म्हणूनच दीडशे वर्षांनंतर अभ्यासक नवल किशोर यांच्या कामाविषयी नेमके बोलू शकतात. न गाजलेल्या, न विकलेल्या पुस्तकाचीही ओळ तिथे आहे.

गेमसाठी अशी नोंदवही आपल्याकडे नाही. राष्ट्रीय ग्रंथालयाला पुस्तक देण्याचा १९५४ चा कायदा गेमला लागू नाही. जावा गेमची ती पोर्टलेच आता उरलेली नाहीत. अमेरिकेतली स्थितीही फार बरी नाही. व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये केलेल्या पाहणीनुसार, तिथे २०१० पूर्वी आलेल्या गेमपैकी ८७ टक्के आज अधिकृतपणे विकत मिळत नाहीत.

मी काम केलेल्या एकाही गेमची प्रत माझ्याकडे नाही. कंपनी बंद झाली, संगणक भंगारात गेले. काही वर्षांपूर्वी माझ्या एका विद्यार्थिनीने शेवटच्या वर्षाच्या प्रकल्पात भूलभुलैयावर एक छोटा गेम बनवला. इमामबाड्याच्या वरच्या मजल्यावरच्या त्या वाटा तिने स्वतः पाच-सहा वेळा चालून वहीत काढल्या होत्या. गेम एका ॲपच्या दुकानावर लावला, शंभरेक लोकांनी उतरवून घेतला. पुढे दुकानाच्या नव्या नियमांप्रमाणे तो अद्ययावत करायचा राहिला आणि यादीतून गेला. तिच्या लॅपटॉपची डिस्क त्याआधीच बिघडली होती. महाविद्यालयाकडे छापील अहवाल आहे, त्यात पाच चित्रे आहेत. बाकी काही नाही. मार्गदर्शक मीच होतो. मी प्रत मागून ठेवायला हवी होती. ती मागितली नाही, ही चूक माझी आहे.

म्हणून पुढच्या वेळी ‘एवढे गेम कशाला’ असे कोणी म्हटले तर लगेच मान डोलावू नका. त्या १८ हजारांत ‘९९९९ इन १’ची नक्कल पुष्कळ आहे हे खरे. पण कोणता गेम फक्त नक्कल होता आणि कोणात कोणाचे पाच-सहा वेळा चाललेले पाय होते, हे ठरवण्यासाठी आधी तो शिल्लक राहावा लागतो.

स्वाध्याय

१. राजी चार ठिकाणी प्रसिद्ध झाला. ‘२०२० मध्ये किती नवे गेम आले’ हे मोजताना त्याला एक धराल की चार? दोन्ही पद्धतींचा एकेक फायदा आणि एकेक तोटा लिहा.

२. १९८३ ची पडझड आणि आजची स्थिती यांत साम्य काय आणि भेद काय? ‘फळी’ हा शब्द वापरून दहा ओळींत उत्तर द्या.

३. निंटेंडोची पाच गेमची मर्यादा योग्य होती का? ग्राहक, मोठी कंपनी आणि नवा निर्माता अशा तिघांच्या बाजूने विचार करा.

४. उपक्रम : तुमच्या महाविद्यालयात गेल्या पाच वर्षांत प्रकल्प म्हणून बनलेल्या गेमची यादी करा. प्रत्येकासाठी नाव, बनवणारे, वर्ष, इंजिन, कोणत्या यंत्रावर चालतो आणि चालणारी प्रत कुठे आहे, हे रकाने ठेवा. शेवटचा रकाना रिकामा राहिला तर त्या माजी विद्यार्थ्याला या आठवड्यातच फोन करा.